अळंबीच्या शेतातले बांडगूळ

पावसाने जोर धरला की सीवूड्स स्टेशनच्या बाहेर आदिवासी भगिनी पानांवर अळंबीचे वाटे मांडून बसतात. भाव ऐकून आपल्यातलेच काही जण म्हणतात, “रानात फुकट उगवते, मग एवढे पैसे कसले?” बंधू-भगिनींनो, फुकट काहीच उगवत नसते. या अळंबीमागे कोणाचे कष्ट आहेत, ते आज पाहू.

रानात वारुळाजवळ उगवणारी ही अळंबी म्हणजे वाळवीचे पीक आहे. वारूळ म्हणजे नागोबाचे घर, या समजुतीने लोक त्याला दूध-लाह्या वाहतात. पण वारूळ बांधते वाळवी. साप तेथे फार तर आसऱ्याला येतो.

वारुळातली कामकरी वाळवी पालापाचोळा आणि वाळके लाकूड कुरतडून आणते. ते तिला एकटीला नीट पचत नाही. म्हणून अर्धवट पचलेल्या चोथ्याचे ती पोळ्यासारखे वाफे रचते. त्यांवर टर्मिटोमायसिस नावाची बुरशी वाढते, चोथा मऊ करते आणि मग वाळवी तो खाते. जमीन भिजली की हीच बुरशी मातीतून लांब देठाची छत्री वर काढते. तीच आपल्या कालवणातली अळंबी.

शेत म्हटले की तण आलेच. येथे तण आहे स्यूडोझायलेरिया नावाची दुसरी बुरशी. वारुळात ती दबा धरून असते. वाफा दुसऱ्याने रचायचा आणि हिने आयता खायचा, असा हिचा बांडगुळी कारभार! पण वाळवी जागी असते. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतील डॉ. रेनी बोर्जेस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात दिसून आले की, वाळवी वासावरून पीक कोणते आणि तण कोणते हे ओळखते, आणि तणाची बुरशी मातीखाली गाडते. डोळ्यांनी आंधळी असलेली कामकरी वाळवी अंधारात ही निंदणी करीत असते.

ही निंदणी थांबली तर? वाळवीपासून दूर नेऊन ठेवलेल्या वाफ्यावर थोड्याच दिवसांत तणाच्या बुरशीचे पांढरे धागे पसरतात. वसाहत मेली की जमिनीतून काळ्या बोटांसारखे कोंब वर येतात. मग त्या जागी अळंबी येत नाही. म्हणजे बांडगूळ बलवान असते म्हणून जिंकत नाही. राबणारे हात नाहीसे झाले म्हणून जिंकते. झाडू मारणारा चार दिवस आला नाही तर आपल्या गल्लीची काय दशा होते, हे कष्टकऱ्यांच्या घरात वेगळे सांगायला नको.

धिंगरी अळंबी पिशवीत पिकवता येते. वारुळावरची अळंबी मात्र वाळवीशिवाय बाजारात आणण्याइतकी पिकवणे माणसाला साधलेले नाही. म्हणून बुलडोझरने एक वारूळ सपाट केले की केवळ मातीचा ढीग जात नाही. कोणाची तरी पावसाळ्यातली कमाई जाते. गोव्यात डॉ. नंदकुमार कामत यांच्यासारख्या अभ्यासकांनी या अळंबीच्या रक्षणाचा आग्रह धरला आहे. डोंगर फोडून वाढलेल्या नवी मुंबईनेही तो ऐकण्यासारखा आहे.

तेव्हा तीन गोष्टी ध्यानात ठेवू या. घराला वाळवी लागली तर तिचा बंदोबस्त अवश्य करावा, पण मोकळ्या रानातले वारूळ फोडू नये आणि अळंबीसाठी खणू नये. रानातली अळंबी स्वतः वेचून खाण्याचे धाडस करू नये. विषारी अळंबीने चांदीचे नाणे काळे पडते ही परीक्षा साफ खोटी आहे, आणि शिजवल्याने सगळीच विषे जात नाहीत. जाणत्या भगिनीकडूनच घ्यावी, तीही ताजी. मऊ पडलेली किंवा वर दुसरी बुरशी चढलेली अळंबी टाकून द्यावी.

आणि तिसरी गोष्ट, त्या वाट्यासाठी घासाघीस करू नये. वारुळातल्या कामकरणीला दाम देता येत नाही. रान तुडवून आलेल्या बाईला तरी तो पुरता द्यावा.