सोबत हवी, सहभागही हवा

नवरा कसा नसावा हे आपल्यापैकी कुणीही झोपेतून उठून सांगेल. मारणारा नसावा, पिणारा नसावा, संशयी नसावा. सल्ला केंद्रात येणाऱ्या बायकांनाही हे नेमकं सांगता येतं. पण 'मग सहजीवन कसं असावं?' असं विचारलं की शब्द सापडत नाहीत. २००५च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याने काय खपवून घ्यायचं नाही ते लिहून दिलं. काय मागायचं ते मात्र कुठला कायदा शिकवणार? तो नमुना आपण घरात, शेजारीपाजारी, गोष्टींत आणि सिनेमात शोधतो. आणि सिनेमात तर लग्न लागलं की गोष्टच संपते.

लग्नानंतर सुरू होणाऱ्या एका जुन्या अमेरिकन सिनेमाविषयी म्हणूनच या वेळी लिहिते आहे. सिनेमा आहे १९३४चा 'द थिन मॅन'. डॅशिएल हॅमेटच्या कादंबरीवर बेतलेला, डब्ल्यू. एस. व्हॅन डाइक यांनी दिग्दर्शित केलेला हा विनोदी रहस्यपट. निक चार्ल्स हा धंदा सोडलेला गुप्तहेर. त्याची बायको नोरा श्रीमंत बापाची लेक. दोघं नाताळासाठी सॅन फ्रान्सिस्कोहून न्यूयॉर्कला येतात, सोबत अ‍ॅस्टा नावाचं कुत्रं. ओळखीतल्या एका मुलीचा संशोधक बाप बेपत्ता होतो, त्याच्या सेक्रेटरीचा खून होतो आणि हे जोडपं त्यात ओढलं जातं. सिनेमाच्या नावातला 'सडपातळ माणूस' म्हणजे तो हरवलेला बाप. पण लोकांना निक इतका आवडला, की पुढे ते नाव त्यालाच चिकटलं.

खुनी कोण, हे सांगून तुमची मजा घालवत नाही. खरं तर खुनाची गोष्ट लवकरच विसरायला होते. लक्षात राहतात ती नवराबायको. एकमेकांची टर उडवतात, पण एकमेकांना कमी लेखत नाहीत. रडणारी तरुण मुलगी निकच्या खांद्यावर डोकं ठेवून उभी असते आणि नेमकी नोरा दार उघडून आत येते. आपल्याकडच्या सिनेमात इथे वीज कडाडली असती! इथे निक तिच्याकडे बघून तोंड वेंगाडतो आणि तीही नाक मुरडून उत्तर देते. विषय संपला. विश्वास म्हणजे काय, यावर भाषण न देता इतकं सांगता येतं.

नोराला हे कुठून सुचलं? पटकथा फ्रान्सिस गुडरिच आणि अल्बर्ट हॅकेट या नवराबायकोंनी मिळून लिहिली होती. दिग्दर्शकाने त्यांना रहस्यापेक्षा या दोघांच्या बोलण्याकडे लक्ष द्यायला सांगितलं होतं. बाई कथेत केवळ नायिका म्हणून नाही, तर लिहिणारी म्हणूनही असली की काय फरक पडतो, ते इथे दिसतं.

पण मैत्रिणींनो, कौतुक करून थांबायचं नाही. जरा खोलात जाऊन बघू या.

निकला ही भानगड नकोच असते. पेपरमधल्या बातम्या वाचून, त्याला टोचून टोचून तपासाला लावणारी नोराच. कुतूहल तिचं, आग्रह तिचा. मग तीही बरोबर यायला निघते, तेव्हा निक काय करतो? तिला टॅक्सीत बसवतो आणि ड्रायव्हरला परस्पर जनरल ग्रँटच्या समाधीकडे गाडी न्यायला सांगतो. परत आल्यावर ती त्याला सणसणीत टोला हाणते. आपण हसतो. पण तपासातून तिला वगळलेलं असतंच. रात्री कारखान्यात जाऊन प्रेत शोधून काढतो तो निक, आणि त्याच्या जोडीला असतं कुत्रं! नोरा घरी काळजी करत बसते.

दुसरा प्रसंग आणखी अवघड. मध्यरात्री एक गुंड पिस्तूल घेऊन झोपायच्या खोलीत शिरतो. तिला गोळी लागू नये म्हणून निक तिला ठोसा मारून बाजूला पाडतो. ती बेशुद्ध होते. शुद्धीवर आल्यावर तिची तक्रार असते, की त्या गुंडाला तू कसा धरलास ते मला बघायचं होतं. विनोदी सिनेमातला प्रसंग आहे आणि गोळी खरोखरच सुटते, हे मान्य. तरीही 'तुझ्या भल्यासाठीच केलं' हे वाक्य आपण किती वेळा ऐकलेलं असतं! रात्री बाहेर जाऊ नकोस, नोकरी करू नकोस, बैठकीला जाऊ नकोस, सगळं काळजीपोटीच. काळजी खोटी असते असं नाही. पण काळजी करणाऱ्याने निर्णयही आपल्याच हातात ठेवला, की त्या काळजीचं कुलूप होतं.

पैशाचंही तसंच. संपत्ती नोराच्या बापाकडून आलेली, कारभार मात्र निक बघतो. दोघांच्या बरोबरीच्या थट्टेला या पैशाचा आधार आहे, हे विसरून चालणार नाही. ती हॉटेलात राहते. चूल नाही, भांडी नाहीत, सासू-सासरे नाहीत. आणि दारू? तिथली दारूबंदी १९३३च्या डिसेंबरात उठली होती, त्यामुळे पडद्यावर पेल्यांची नुसती रेलचेल. आपल्या ज्या बहिणी गावात 'आडवी बाटली' करण्यासाठी मतदानाला उभ्या राहिल्या, त्यांना यात हसण्यासारखं फारसं सापडणार नाही. खुद्द हॅमेट दारूत बुडालेला माणूस होता. त्याने कादंबरी अर्पण केली ती लेखिका मैत्रीण लिलियन हेलमनला. त्याची बायको आणि दोन मुली तेव्हा वेगळ्या राहत होत्या. हसऱ्या जोडप्याच्या गोष्टीमागे अशीही घरं असतात.

नोरा साकारणाऱ्या मर्ना लॉयची कथाही ऐकण्यासारखी. आधी हॉलिवूडने मोंटाना राज्यातल्या या बाईला 'पूर्वेकडची' कपटी मोहिनी म्हणून वापरलं. नोरा गाजली आणि तिच्यावर 'आदर्श पत्नी' असा शिक्का बसला. एका चौकटीतून काढून दुसऱ्या चौकटीत! आयुष्यात तिने चार वेळा लग्न केलं आणि चारही वेळा घटस्फोट घेतला. 'द थिन मॅन'ला ऑस्करची चार नामांकनं मिळाली. त्यात नायक विल्यम पॉवेल होता, नोरा नव्हती. लॉयला स्पर्धेतलं नामांकन कधीच मिळालं नाही. सन्माननीय ऑस्कर मिळालं ते थेट १९९१ साली. पडद्यावरची बरोबरी पडद्यामागे पोचायला अशी वर्षं लागतात.

पुढे १९४७पर्यंत आणखी पाच भाग निघाले. गुडरिच-हॅकेट तिसऱ्या भागानंतर बाजूला झाले. पाचव्या भागात तर निक नोराला लहान मुलीसारखी मांडीवर आडवी घालून वर्तमानपत्राने फटके मारतो, आणि तेही हसण्यासाठी. लिहिणाऱ्यांत आता फ्रान्सिस नव्हती, हा योगायोग मला तरी नजरेआड करता येत नाही.

मग नोराचं करायचं काय? टाकून द्यायची? मुळीच नाही. नवऱ्याबरोबर मोकळेपणी हसता येणं ही चैनीची गोष्ट नव्हे, तो हक्क आहे. जिथे बाईचं हसणं थांबतं, तिथे पुढचं बरंच काही थांबलेलं असतं. चळवळीने दुःखाची भाषा नीट घडवली, आता आनंदाच्या मागण्याही तितक्याच स्पष्ट मांडायला हव्यात. फक्त एक ध्यानात ठेवू या. जो नवरा आपल्याशी हसतो, तो आपल्याला निर्णयात घेतोच असं नाही. थट्टेत बरोबरी आणि कामात टॅक्सी, हा व्यवहार आपल्याला मंजूर नाही. धोका असेल तर तो दोघांनी बघायचा, पैसा असेल तर हिशेब दोघांना कळायचा आणि कुठे जायचं ते टॅक्सीत बसणारीने ठरवायचं.

तुमच्या घरातलं गमतीचं नातं कामाच्या दारापाशी कुठे अडतं आणि ते दार कुणी, कसं उघडलं, हे आम्हाला जरूर लिहा. पुढच्या अंकात ती पत्रं छापायची आहेत. नवरेमंडळींनी लिहिलं तरी स्वागतच आहे.