लेक्चर संपलं, आता बसायचं कुठं?

बारा वाजता लेक्चर संपलं, पुढचं दोनला. मधले दोन तास काढायचे कुठं? हिंगोली, वसमत, कळमनुरी, सेनगाव... आपल्याकडच्या कॉलेजच्या पोरांना विचारून बघा. पोरं टपरीवर, नाहीतर कुणाच्या तरी गाडीला टेकून. पोरींना टपरीवर थांबणं अवघड. त्या सरळ बसस्टँड गाठतात आणि गावाकडची एसटी दिसली की बसतात. दोनचं लेक्चर बुडालं! मग सर म्हणतात, पोरांना शिस्त नाही.

शिस्तीचं नंतर बघू. आधी इमारतीचं बोलू.

अच्युत कानविंदे हे नाव आपल्यापैकी किती जणांनी ऐकलंय? सिंधुदुर्गातल्या आचऱ्याचे, जन्म १९१६चा. मुंबईच्या जे.जे.मध्ये शिकून ते अमेरिकेत हार्वर्डला गेले, वॉल्टर ग्रोपियस यांच्या हाताखाली शिकले आणि १९४७मध्ये परतले. आयआयटी कानपूरचा कॅम्पस त्यांनी आखला. त्या संस्थेचे पहिले संचालकही मराठीच, पु. का. केळकर.

कानविंदेंनी तिथं इमारती नुसत्या उभ्या केल्या नाहीत, त्या एकमेकींना जोडल्या. उंचावरून जाणाऱ्या, छत असलेल्या वाटा केल्या. मध्ये मोकळी अंगणं ठेवली, गाड्या बाहेर ठेवल्या. उत्तरेतल्या उन्हात एका वर्गातून दुसरीकडे जाताना डोक्यावर सावली राहते आणि वाटेत दुसऱ्या शाखेची पोरं भेटतात. पुढे जेम्स मिलर यांच्यासोबत त्यांनी भारतातल्या कॅम्पसवर अख्खं पुस्तक लिहिलं, १९६९ साली. शिकणं फक्त वर्गात होत नाही, हे त्यांच्या नकाशातच दिसतं.

‘ते आयआयटीचं बजेट, आपलं कुठं?’ असं कुणी म्हणेलच. पण सावलीला किती पैसा लागतो? औंढ्याला नागनाथाच्या दगडी मंडपात भर उन्हाळ्यात टेकून बघा. गावातला लिंबाखालचा पार आठवा. रुंद व्हरांडा, झाडाभोवती कट्टा, प्यायच्या पाण्याचा नळ, एवढं तर जमेल? गेटवरच्या कमानीसाठी पैसे निघतातच की!

तेव्हा मित्रांनो, कॉलेजात नवी इमारत होणार असं कळलं, की किती मजली हे विचारू नका. नकाशा मागा आणि विचारा, ‘सर, लेक्चर नसताना पोरींनी बसायचं कुठं?’ उत्तर नसेल, तर बांधकाम सुरू व्हायच्या आत अर्ज द्या. भिंती उभ्या राहिल्यावर फार उशीर झालेला असतो.