जादूच्या नदीचं पाणी सोडतंय कोण?

मराठीत सध्या फॅन्टसी लिहिणाऱ्यांची नवी फळी आली आहे. ॲपवर, ऑडिओ सिरीजमध्ये, गेमच्या स्क्रिप्टमध्ये. मी हे सगळं आवडीने वाचतो आणि ऐकतो, म्हणून तर हे भांडण. कारण यातल्या बहुतेक दुनियांमध्ये एक जादूची नदी असते आणि ती सगळीकडे सारखीच असते. नाव नीलधारा किंवा ज्योतिर्गंगा छापाचं. पाणी रात्री चमकतं, जखमा भरून काढतं आणि उन्हाळ्यात आटत नाही. ती येते कुठून, काठावर राहतं कोण, तिच्यासाठी कुणाचं काय गेलं, हे विचारायचं नाही. विचारलंत तर उत्तर ठरलेलं: अरे, जादू आहे ती!

मी म्हसळ्याचा. आमच्याकडे वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, आणि मे उजाडला की डोंगरातल्या वाड्यांवर बायका विहिरीच्या तळाशी साचलेलं पाणी वाटीने हंड्यात भरतात. अशा मुलखातल्या माणसाला न आटणारी नदी दाखवली की त्याच्या डोक्यात पहिला प्रश्न येतो, पाणी सोडतंय कोण?

हा प्रश्न मला हवेतून सुचलेला नाही. मुंबईहून म्हसळ्याला येताना वाटेत कोलाड लागतं. तिथल्या कुंडलिकेचे रील्स तुम्ही पाहिले असतील. भर मे महिन्यात, आसपासचे ओढे नुसते दगड दाखवत असताना, ही नदी सकाळी फुगते. हेल्मेट घातलेली पोरं रबरी बोटीतून ओरडत जातात, आणि काही तासांनी पाणी पुन्हा उतरतं. रोज ठरल्या वेळी भरणारी नदी! कादंबरीत लिहिली असती तर आपण म्हटलं असतं, वा, काय कल्पना आहे.

पण तिची जादू घाटावर आहे. मुळा नदी खरं तर पूर्वेला जाणारी. पुणं, मग भीमा, मग कृष्णा आणि शेवटी बंगालचा उपसागर. मुळशीला तिला धरणाने अडवलं, पाणी बोगद्यातून सह्याद्रीच्या कड्यापर्यंत आणलं आणि सुमारे पाचशे मीटर खाली भिरा इथल्या वीजघरात सोडलं. टर्बाइन फिरवून झालं की ते कुंडलिकेत येतं आणि अरबी समुद्राची वाट धरतं. मुंबईला वीज लागते म्हणून एका नदीचा समुद्रच बदलला. १९२७ पासून हे चालू आहे.

आणि याची किंमत मोजली मुळशीच्या मावळ्यांनी. भातखाचरं, घरं, देवळं पाण्याखाली गेली. १९२१ मध्ये त्यांनी टाटांच्या या धरणाविरुद्ध सत्याग्रह केला. पांडुरंग महादेव बापटांना 'सेनापती' ही पदवी मिळाली ती याच लढ्यात. १९२४ पर्यंत लढा चालला आणि हरला. आज त्याच जलाशयाच्या काठी रिसॉर्ट आहेत, आणि 'लेक व्ह्यू' रूमचे पैसे जास्त पडतात.

आता कुणी म्हणेल, फॅन्टसी ही सुटका असते, तिच्यात धरणग्रस्त कशाला आणता? मला हा युक्तिवाद आळशी वाटतो. आपल्या जुन्या कथांना सुटका ठाऊक नव्हती का? गरुडपुराणातली वैतरणी आठवा. ती फुकट ओलांडता येत नाही, त्यासाठी जिवंतपणी गाय दान केलेली असावी लागते. (त्याच नावाची खरी वैतरणा त्र्यंबकच्या डोंगरात उगम पावते आणि मुंबईकर १९५७ पासून मोडकसागरातून तिचं पाणी पितात. तिथे गाय कुणी दिली, हा वेगळा लेख होईल.) आमच्या दक्षिणेला समुद्राला मिळणारी सावित्री घ्या. तिची कथाच यज्ञात झालेल्या अपमानाची आणि शापाची आहे. टोल्किनच्या 'हॉबिट'मधला काळा ओढासुद्धा अंगाला लागला की माणूस झोपतो, मग सोबत्यांना त्याला दिवसेंदिवस वाहून न्यावं लागतं. यांपैकी एकाही कथेत राजकारणावर भाषण नाही. फक्त पाण्याला नियम आहे आणि त्याचा भार कुणावर तरी पडतो.

मी पोटासाठी कोड लिहितो. सिस्टीममध्ये एखादी गोष्ट 'फ्री' आणि 'अनलिमिटेड' दिसली की आम्ही शोधतो, बिल कुठल्या खात्यात पडतंय. लेखकाने एवढं तरी करावं. नाहीतर त्याची नदी म्हणजे वॉलपेपर.

आणि खरी गोष्ट तर अजून चालू आहे. मुळशीचं पाणी पूर्वेलाच राहू द्या, पुण्याला आणि भीमेच्या खोऱ्याला द्या, अशी मागणी वारंवार होते. ती चूक नाही, पाणी मुळात तिकडचंच. पण दिलं तर कुंडलिकेची सकाळ जाईल. बोटी चालवणारी गावातली पोरं, कालव्यावर उन्हाळी भात घेणारे शेतकरी, सगळे इकडे खाली बसले आहेत. वर बुडालेल्यांची नातवंडं, पलीकडे तहानलेलं शहर, खाली उसनी नदी, आणि मधे एक झडप. ती झडप उघडायला रोज पहाटे कामावर जाणारा एक माणूस घ्या. त्याचा आजा वरच्या बुडालेल्या गावातला, पोरगा खाली राफ्टवर गाईड. आणि एका पहाटे फोन येतो, आज उघडू नकोस.

लिहा की हे. ड्रॅगन हवा असेल तर तोही घाला.