मागच्या रांगेतला कॅमेरा

‘एक ना धड, भाराभर चिंध्या’ ही म्हण आपल्याकडे फार लवकर कानांवर पडते. गाणाऱ्याने गावे, चित्रे काढणाऱ्याने चित्रे काढावीत. दोन्हीला हात घातला की तो एकाही कलेशी प्रामाणिक नाही, असा निकाल लागलाच म्हणून समजा. मला हा निकाल मान्य नाही. मिल्ट हिंटन या अमेरिकन जॅझ वादकाविषयी वाचल्यापासून तर मुळीच नाही.

हिंटनचा जन्म १९१० सालचा, मिसिसिपी राज्यातील व्हिक्सबर्गचा. ज्या आजीच्या अंगाखांद्यावर तो वाढला, ती गुलामगिरीत जन्मलेली. गोऱ्या जमावाने एका काळ्या माणसाला ठार मारून झाडाला टांगलेले त्याने लहानपणी पाहिले. ही हकीकत त्याने पुढे स्वतःच सांगितली आहे. कुटुंब शिकागोला आले आणि तेथे तो व्हायोलिन शिकला. त्या काळी मूकपटांच्या थिएटरांत वाद्यवृंद असत, काळ्या व्हायोलिनवादकाला तेथे पोट भरता येई. पण १९२७ नंतर बोलपट आले आणि ते दार बंद झाले. हिंटन मग डबल बासकडे वळला. हे माणसाहून उंच, चार तारांचे वाद्य. जॅझमध्ये ते बहुधा बोटांनी छेडतात. आपल्याकडची उपमा द्यायची तर तानपुऱ्याचे आणि तबल्याचे काम त्याने एकट्याने करायचे आणि तेही मागच्या रांगेत उभे राहून. टाळ्या पुढच्या ट्रंपेटवाल्याला!

१९३६ पासून १९५१ पर्यंत तो कॅब कॅलोवेच्या प्रसिद्ध वाद्यवृंदात होता. त्याच्या आदल्याच वर्षी, पंचविसाव्या वाढदिवसाला, त्याला कोणीतरी एक साधा कॅमेरा भेट दिला होता. तो त्याने आयुष्यभर खाली ठेवला नाही. त्याच्या संग्रहात सुमारे ६०,००० छायाचित्रे आहेत.

आता, याला छंद म्हणायचे का? जॅझ वादकांचे फोटो त्या वेळीही छापून येतच होते. पण ते जाहिरातीचे फोटो : चकचकीत सूट, हातात वाद्य, तोंडभर हसू. दक्षिणेकडील राज्यांत हा वाद्यवृंद जाई तेव्हा गोऱ्यांच्या हॉटेलांत त्याला खोली मिळत नसे, म्हणून कॅलोवे रेल्वेचा स्वतंत्र डबाच भाड्याने घेई. त्या डब्यात तोंड उघडे टाकून झोपलेले वादक कोणी टिपायचे? ‘काळ्यांसाठी प्रवेश’ अशा पाटीखाली उभे असलेले त्याचे सोबती कोणी टिपायचे? वर्तमानपत्राचा छायाचित्रकार तेथे नव्हता, आणि असता तरी त्याच्यासमोर ही माणसे सावरून बसली असती. हिंटनसमोर सावरण्याची गरज नव्हती. तो त्यांच्यातलाच होता. म्हणजे बास होता म्हणून कॅमेरा तेथवर पोहोचला. १९५९ साली बिली हॉलिडेच्या अखेरच्या ध्वनिमुद्रणातही तो वादक म्हणूनच गेला होता. तिचा थकलेला चेहरा त्याने टिपला, आणि त्याच वर्षी जुलैमध्ये ती गेली.

कोणी म्हणेल, सारे लक्ष बासवर दिले असते तर तो आणखी मोठा झाला असता. कसा? सर्वाधिक ध्वनिमुद्रणे केलेल्या जॅझ वादकांत त्याची गणना होते, उतारवयात न्यूयॉर्कच्या हंटर आणि बरूक महाविद्यालयांत त्याने शिकवलेही. तरी सामान्य श्रोत्याला त्याचे नाव ठाऊक नसेल, तर तो दोष मागच्या रांगेचा आहे, कॅमेऱ्याचा नव्हे.

खरे तर मला हे पटण्याचे कारण घरचेच आहे. माझ्या आजोबांचा एकही फोटो आमच्याकडे नाही. त्यांचा चेहरा मला आजीच्या सांगण्यावरून जुळवावा लागतो, आणि ती दर वेळी थोडा वेगळा सांगते. आपल्या माणसांची नोंद बाहेरचा कोणी येऊन करील, ही आशा फोल आहे. आपल्या मुंबईतही १९३० नंतरच्या दशकात ताजमहाल हॉटेलात टेडी वेदरफोर्डसारखे काळे अमेरिकन वादक येऊन वाजवीत, आणि त्यांच्याबरोबर वाजवता वाजवता फ्रँक फर्नांडसारखे गोव्याचे वादक जॅझमध्ये तयार झाले. त्यांतले कितीतरी पुढे हिंदी चित्रपटसंगीतात राबले. पडद्यावर नावे झळकली ती संगीतकारांची. त्या वादकांच्या बाकावर एखादा हिंटन बसायला हवा होता, असे मला राहून राहून वाटते. असो.

१९५८ च्या ऑगस्टमध्ये ‘एस्क्वायर’ मासिकासाठी आर्ट केन याने हार्लेममधल्या एका घराच्या पायऱ्यांवर ५७ जॅझ वादकांना एकत्र उभे करून एक फोटो काढला. तो जगप्रसिद्ध आहे. हिंटन त्या ५७ जणांत आहे. पण त्या सकाळी तो स्वतःचा कॅमेराही घेऊन गेला होता, आणि चलच्चित्राचा छोटा कॅमेरा त्याने पत्नी मोना हिच्या हाती दिला होता. केनच्या फोटोत सगळे रांगेत उभे आहेत. १९९४ साली जीन बाख यांनी त्या दिवसावर माहितीपट काढला, तेव्हा त्या दोघांनी टिपलेले त्यांना उपयोगी पडले : रांग लागण्यापूर्वी एकमेकांना मिठ्या मारणारे, गप्पांत रंगलेले आणि फोटोसाठी उभे राहायला मुळीच तयार नसलेले तेच वादक.