पाणी कधी येणार ते सांगा, का आलं नाही ते विचारू नका

एक साधं वाक्य घ्या. 'आमच्या गावात चार दिवस टँकर आलेला नाही.' हे वाक्य तालुक्याच्या साप्ताहिकात छापता येतं. टीव्हीच्या पडद्यावर खालच्या पट्टीत फिरवता येतं. यूट्यूबवर, रीलमध्ये, गावाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकता येतं. पारावर उभं राहून ओरडून सांगता येतं. एकाच ठिकाणी ते बोलण्याआधी बोलणाऱ्याला परवान्यातली अट आठवावी लागते. ते ठिकाण म्हणजे त्याच गावासाठी, त्याच भागातल्या माणसांनी चालवलेला रेडिओ.

भारतात सामुदायिक रेडिओला स्वतःच्या बातम्या द्यायला मनाई आहे. बातम्या, चालू घडामोडी आणि राजकीय स्वरूपाचं काहीही प्रसारित करायचं नाही, ही २००६च्या धोरणातली अट आहे. पुढे थोडी सवलत मिळाली. आकाशवाणीची बातमी जशीच्या तशी लावा, किंवा तिचा आपल्या बोलीत अनुवाद करून वाचा. म्हणजे दिल्लीत काय झालं ते माण तालुक्यातल्या माणसाला माणदेशी बोलीत ऐकता येईल. माण तालुक्यात काय झालं ते मात्र नाही.

ही अट मूर्खपणाची आहे, अपमानकारक आहे आणि काढून टाकायला हवी. पुढचं सगळं त्याबद्दलच आहे.

आधी आपण कशाबद्दल बोलतोय ते नीट पाहू, कारण 'रेडिओ' म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर शहरातला आरजे आणि त्याचे प्रँक कॉल येतात. सामुदायिक रेडिओ ही वेगळी गोष्ट आहे. शंभर वॉटची ताकद, जास्तीत जास्त तीस मीटरचा मनोरा आणि दहा-बारा किलोमीटरचा टप्पा. परवाना नफा न कमावणाऱ्या संस्थेला, विद्यापीठाला किंवा कृषी विज्ञान केंद्राला मिळतो. निम्मा तरी कार्यक्रम स्थानिक लोकांच्या सहभागातून व्हायला हवा, असा नियमच आहे. साताऱ्यात म्हसवडला 'माणदेशी तरंग वाहिनी' २००८पासून चालते. त्याच वर्षी आंध्रात, आजच्या तेलंगणात, माचनूर गावी 'संघम रेडिओ' सुरू झाला. तो दलित, शेतकरी बायका चालवतात. बियाणं, भरडधान्यं, बाळंतपण, सण, गाणी असं सगळं त्या आपल्या बोलीत बोलतात. माईक, मिक्सर, एडिटिंग त्यांनीच शिकून घेतलं. देशभरात अशी पाचशेच्या आसपास केंद्रं आहेत. आपल्या एकट्या महाराष्ट्रात ग्रामपंचायती सुमारे अठ्ठावीस हजार आहेत. आकडे शेजारी शेजारी ठेवून बघा, म्हणजे आपण या माध्यमाला किती जागा दिली ते कळेल.

आता अटीचा गाभा. 'बातमी' कशाला म्हणायचं नाही याची यादी सरकारने दिली आहे. हवामान, वाहतूक, सण-उत्सव, परीक्षा आणि निकाल, नोकरीच्या जागा, खेळाची माहिती चालेल. वीज, पाणी, नैसर्गिक आपत्ती, आरोग्याचे इशारे यांबद्दलच्या सूचनाही चालतील, पण स्थानिक प्रशासनाने पुरवलेल्या. या शेवटच्या शब्दांवर बोट ठेवा. प्रशासनाने कळवलं की उद्या सकाळी पाणी येईल, तर रेडिओने ते सांगावं. पाणी आलं नाही, तर ते का आलं नाही, टँकरच्या खेपा वहीत किती आणि प्रत्यक्षात किती, हे विचारायला निवेदिका गेली की ती चालू घडामोडींत शिरली. म्हणजे वरून खाली येते ती माहिती आणि खालून वर जातो तो गुन्हा, अशी ही वाटणी आहे. असा रेडिओ म्हणजे तहसील कार्यालयाची दवंडी. दवंडीवाल्याला निदान लोक वाटेत अडवून प्रश्न विचारत असत.

कांद्याचं उदाहरण घ्या. डिसेंबर २०२३मध्ये केंद्राने कांद्याच्या निर्यातीवर बंदी घातली. नाशिक जिल्ह्यात भाव कोसळले, शेतकऱ्यांनी लिलाव बंद पाडले. अशा दिवशी बाजार समितीपासून पाच किलोमीटरवरच्या सामुदायिक रेडिओने काय करावं? नियमाप्रमाणे तो आजचा भाव सांगू शकतो. आकाशवाणीवर निर्यातबंदीची बातमी लागली असेल तर तीही वाचू शकतो. पण समितीच्या आवारात ट्रॅक्टर घेऊन उभ्या असलेल्या बाईला 'ताई, भाडं तरी सुटलं का?' असं विचारून तिचं उत्तर हवेत सोडलं, तर परवाना निलंबित व्हायची किंवा रद्द व्हायची टांगती तलवार. तिचा तोच व्हिडिओ पुण्या-मुंबईचे पत्रकार येऊन काढतात आणि तो लाखो लोक बघतात. तिच्या शेजारच्या गावाने मात्र तो रेडिओवर ऐकायचा नाही.

कुणी म्हणेल, प्रत्यक्षात एवढं कोण बघतं? केंद्रं बोलतातच की थोडंफार. बोलतात. पण अंधुक नियमाचं काम असंच चालतं. तो रोज लागू करावा लागत नाही, डोक्यावर असला की पुरतो. कारवाई होईल का हे माहीत नसलं की माणूस आपणच आपली कात्री चालवतो. ग्रामसभेचं ध्वनिमुद्रण लावायचं का? नको, सरपंच चिडेल आणि कुणीतरी दिल्लीला पत्र लिहील. पीक विम्याचे पैसे का अडकले यावर चर्चा ठेवायची का? त्यापेक्षा 'पीक विम्याचे फायदे' ठेवू. हळूहळू सगळे कार्यक्रम हात धुवा, झाडं लावा, बचत करा या सुरात येतात आणि मग आपणच म्हणतो की सामुदायिक रेडिओ कंटाळवाणा असतो. तोंड बांधलेल्या माणसाला 'तू बोलत का नाहीस?' असं विचारण्यातला हा प्रकार आहे.

सरकारची बाजूही ऐकू. 'कॉमन कॉज' ही संस्था २०१३मध्ये या बंदीविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेली. सरकारचं म्हणणं थोडक्यात दोन मुद्द्यांत येतं: सुरक्षितता आणि देखरेख. गावोगावच्या केंद्रांवरून कुणी चिथावणी दिली तर? एवढ्या केंद्रांवर लक्ष कोण ठेवणार?

हा प्रश्न फालतू नाही. रेडिओने माणसं मारायला उद्युक्त करता येतात, हे १९९४मध्ये रवांडात जगाने पाहिलं आहे. पण मग आपल्याकडची स्थिती बघा. सामुदायिक रेडिओच्या केंद्राला परवाना आहे, पत्ता आहे, मनोरा आहे. प्रसारित केलेला प्रत्येक कार्यक्रम त्याला तीन महिने जपून ठेवावा लागतो आणि मागितला की द्यावा लागतो. बोलणारी बाई कोण, कुणाची, कुठे राहते हे ऐकणाऱ्याला ठाऊक असतं. ती खोटं बोलली तर दुसऱ्या दिवशी बाजारात तिला लोक धरतात. याहून जास्त उत्तरदायी माध्यम आपल्याकडे दुसरं कुठलं आहे?

आणि ज्याला पत्ता नाही, चेहरा नाही, ते माध्यम मोकाट आहे. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाड्यात नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच माणसांना जमावाने ठेचून मारलं. भिक्षा मागत फिरणारी ही माणसं सोलापूर जिल्ह्यातल्या मंगळवेढ्याकडची होती. मुलं पळवणारी टोळी आल्याची अफवा त्याआधीच व्हॉट्सॲपवरून फिरत होती. तिथे रेडिओ असता तर ती वाचली असती, असं म्हणणं हा खोटा दिलासा होईल. पण त्या दिवसांत गावात सर्वांत वेगाने पोचणारा आवाज कुणाचाच नव्हता आणि म्हणून कुणीच त्याचा जाब देणार नव्हतं. 'हा व्हिडिओ इथला नाही, आम्ही पोलीस ठाण्यात जाऊन विचारून आलो' असं आपल्या भाषेत सांगणारा, ओळखीचा, रोजचा आवाज कुठे होता? तो आवाज एका दिवसात तयार होत नाही. रोज खरं सांगून त्याने पत कमावलेली असावी लागते. आपला कायदा नेमकी तीच पत कमवायला मनाई करतो. अफवेला सगळीकडे वाट आणि बातमीला परवान्याची अट, ही सुरक्षितता नव्हे.

दुसरी हरकत आपल्याच लोकांची असते आणि ती जास्त खरी आहे. परवाना संस्थांना मिळतो आणि महाराष्ट्रात संस्था कुणाच्या असतात ते शेंबडं पोरही सांगेल. उद्या बातम्यांची मुभा दिली तर प्रत्येक साहेबाच्या शिक्षणसंस्थेच्या गच्चीवर एक मनोरा उभा राहील आणि दिवसभर साहेबांचे वाढदिवस वाजतील. हा धोका आहेच. पण आज काय वेगळं आहे? साहेबांकडे वर्तमानपत्र आहे, केबल आहे, फ्लेक्स आहेत, रील बनवणारी पगारी पोरं आहेत. बातम्यांच्या बंदीने साहेबांचं काहीच अडलेलं नाही. ज्यांच्याकडे यातलं काहीही नाही, त्यांचंच अडलं आहे. त्यामुळे उपाय मालकीवर करावा. संस्थेच्या कार्यकारिणीवर कोण आहे ते जाहीर करायला लावा, निवडणूक लढवणाऱ्यांना तिथून दूर ठेवा, ज्याच्यावर बातमी केली त्याला उत्तराची वेळ सक्तीने द्यायला लावा. तोंड बंद करणं हा त्यातला उपाय नाही.

तिसरी हरकत तुमची असेल. रेडिओ ऐकतं कोण आता? फोन आहे ना. बरोबर, आणि हा लेखही तुम्ही फोनवरच वाचताय. पण फोनवर तुमच्यापर्यंत काय पोचतं हे ठरवणाऱ्याला तुमच्या गावाचं नाव माहीत नाही. तुमच्या गावाची शेवटची खात्रीची बातमी तुम्हाला कुठून कळली ते आठवा. बहुतेक कुणाच्या तरी स्टेटसवरून, नाहीतर आईच्या फोनवरून. आई शेतात काम करताना, भाकऱ्या थापताना स्क्रीनकडे बघू शकत नाही, ऐकू मात्र शकते. तिला डेटा पॅक लागत नाही, वाचता येणंही लागत नाही. पूर आला, वादळ आलं, टॉवर बंद पडला की फोनचा होतो आरसा आणि शंभर वॉटचा ट्रान्समीटर जनरेटरवर चालत राहतो. २०२३मध्ये केंद्र सरकारनेच मोबाईल कंपन्यांना सांगितलं की फोनमधली एफएमची सोय बंद करू नका, आपत्तीत तिचा उपयोग होतो. म्हणजे संकटात लोक रेडिओकडे वळतील हे सरकारला मान्य आहे. तो रेडिओ एरवी काय बोलेल, एवढ्याचीच भीती आहे.

शेजारी नेपाळमध्ये हा वाद कधीच होऊन गेला. काठमांडूला १९९७मध्ये 'रेडिओ सगरमाथा' सुरू झाला आणि नंतर डोंगराडोंगरांत सामुदायिक केंद्रं उभी राहिली, बातम्यांसकट. फेब्रुवारी २००५मध्ये राजा ज्ञानेंद्र यांनी सत्ता हातात घेतली आणि एफएमवरच्या बातम्या बंद केल्या. तेव्हा काही केंद्रांनी बातम्या गाऊन दाखवल्या, काही पत्रकारांनी भोंगे घेऊन त्या चौकात वाचल्या. त्याच वर्षी तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने रेडिओच्या बाजूने आदेश दिला. २०१५च्या भूकंपात इमारती पडल्यावर तंबूतून प्रसारण करणारी केंद्रं हीच होती. एका राजाने आणीबाणीत जे केलं आणि जे त्याला टिकवता आलं नाही, ते आपण प्रजासत्ताक असताना शांततेच्या काळात वर्षानुवर्षं चालवतो आहोत.

यातला सर्वांत मोठा विनोद आपल्या कायद्याच्या इतिहासात आहे. ९ फेब्रुवारी १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की हवेतल्या ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे आणि तिच्यावर सरकारची मक्तेदारी असू शकत नाही. खटला होता क्रिकेटच्या सामन्यांच्या प्रक्षेपणाचा आणि मुख्य निकालपत्र लिहिलं न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी, एका मराठी माणसाने. त्या निकालानंतर क्रिकेटचं भलं झालं, टीव्हीचं झालं, जाहिरातदारांचं झालं. रेडिओवरच्या बातमीची मक्तेदारी मात्र आजही आकाशवाणीचीच आहे. आणि ही मक्तेदारी किती भरवशाची आहे? जून २०२३मध्ये आकाशवाणीच्या पुणे केंद्राचा प्रादेशिक वृत्तविभाग बंद करून काम छत्रपती संभाजीनगरला हलवायचं ठरलं. ओरड झाली म्हणून ते थांबलं. पुण्याची ओरड दिल्लीला ऐकू गेली. म्हसवडची कशी जाणार?

सप्टेंबर २०२३मध्ये 'ट्राय'ने खासगी एफएमला तासाला दहा मिनिटं बातम्यांची मुभा द्यावी अशी शिफारस केली. २०२४मध्ये सामुदायिक रेडिओसाठी जाहिरातींची वेळ तासाला सात मिनिटांवरून बारा मिनिटं केली गेली आणि सरकारी जाहिरातींचा दर दहा सेकंदांना ५२ रुपयांवरून ७४ रुपये झाला. पैसे वाढले, चांगलं झालं, केंद्रांना त्यांची गरजच आहे. पण उत्पन्न सरकारी जाहिरातींचं आणि प्रश्न विचारायला बंदी, हे दोन्ही एकत्र केलं की काय तयार होतं ते वेगळं सांगायला नको.

मागणी साधी आहे. वर्तमानपत्राला जो कायदा लागू आहे, तोच सामुदायिक रेडिओला लावा. बदनामी केली तर खटला भरा, चिथावणी दिली तर अटक करा, तीन महिन्यांचं रेकॉर्डिंग पुरावा म्हणून मागा. पण 'प्रशासनाने पुरवलेली' हे शब्द आणि बातम्यांवरची बंदी काढा. म्हसवडची बाई बियाण्यावर बोलू शकते, कर्जावर बोलू शकते, पाळीवर बोलू शकते, तर ती टँकरच्या खेपाही मोजू शकते. तिला हिशोब येतो. तिने तो मोठ्याने वाचू नये, एवढंच या अटीला हवं आहे.