रेघ कोण मारतो?

मुंबईतून दिल्लीला सहा खासदार जातात. उत्तर, वायव्य, ईशान्य, उत्तर-मध्य, दक्षिण-मध्य, दक्षिण. सहापैकी एकही जागा अनुसूचित जातींसाठी राखीव नाही. दिल्ली शहराच्या सातांत एक आहे, मुंबईला शून्य. कायदा म्हणतो, राखीव जागा द्यायची तिथे, जिथे अनुसूचित जातींचं प्रमाण जास्त. 2011 च्या जनगणनेत मुंबईत ते शंभरात सहा-सात भरलं. झाला हिशेब!

आता नकाशा बघा. 2008 च्या पुनर्रचनेत धारावी, चेंबूर आणि नायगावची बी.डी.डी. दक्षिण-मध्यमध्ये. वरळीची बी.डी.डी. दक्षिणमध्ये, मलबार हिलच्या पंगतीला. कुर्ला उत्तर-मध्यमध्ये. मानखुर्द-शिवाजीनगर आणि घाटकोपरचं रमाबाईनगर ईशान्यमध्ये. एका माणसाचे चार तुकडे करून चार पोत्यांत भरावेत, तसं.

राखीव जागा मिळाली की सगळं मिळालं, असं समजणारे आपल्यात पुष्कळ आहेत. त्यांनी 1952 आठवावं. उत्तर मुंबई दोन खासदारांचा मतदारसंघ होता, त्यातली एक जागा राखीव. त्या राखीव जागेवर खुद्द बाबासाहेब पडले, सुमारे चौदा हजार मतांनी. काँग्रेसचे काजरोळकर आले. जागा आपल्या नावाची, पण मत द्यायला सगळं गाव. पुणे कराराचं हेच तर दुखणं! 1957 ला मध्य मुंबईत मात्र एकाच मतदारसंघातून कॉम्रेड डांगे आणि शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनचे गोपाळ माने दोघंही निवडून आले. गिरणीतला कामगार आणि वस्तीतला माणूस संयुक्त महाराष्ट्र समितीच्या मागे एकत्र उभा राहिला, म्हणून. 1961 च्या कायद्याने ते दोन खासदारांचे मतदारसंघच मोडीत काढले.

1974 ला मध्य-दक्षिण मुंबईची पोटनिवडणूक. पँथरने बहिष्कार पुकारला. वरळीत दंगल पेटली, 10 जानेवारीच्या मोर्चात भागवत जाधव शहीद झाला. एका खासदारकीसाठी आपल्या मतांना तेव्हा एवढा भाव होता!

कुणी म्हणेल, 1998 ला आठवले आणि 2024 ला वर्षा गायकवाड उत्तर-मध्यमधून खुल्या जागेवर आलेच ना. आले. पण त्या युती-आघाडीच्या पेरण्या. पीक कापणारा पक्ष.

आणि खासदार आपल्याला कशाला हवा, असं विचारू नका. रेल्वेची जमीन, विमानतळाची जमीन, बंदराची जमीन, सगळी केंद्राची. तिच्यावरच्या झोपडीचा सवाल नगरसेवक सोडवू शकत नाही. केंद्राचं ना-हरकत पत्र आल्याशिवाय एस.आर.ए.वाला तिथे वीट ठेवत नाही. बुलडोझर येतो तेव्हा दिल्लीत तोंड उघडणारा कुणी लागतो.

राज्यांच्या लोकसभा-जागा 1976 च्या 42 व्या घटनादुरुस्तीने गोठवल्या. 84 व्या दुरुस्तीने तो गोठा 2026 नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंत लांबवला. त्यानंतर पुन्हा रेघा मारायच्या. पुनर्रचना आयोग मसुदा छापतो, हरकती मागवतो, जाहीर बैठका घेतो. एकदा अंतिम आदेश राजपत्रात आला की लोकसभासुद्धा त्यातला काना-मात्रा बदलू शकत नाही. 2008 च्या आधी त्या बैठकांना आपल्या वस्त्यांतून किती पोरं गेली होती? पक्षांचे वकील मात्र नकाशे घेऊन हजर असतात. यावेळी जनगणनेचा माणूस दारात आला की कुटुंबातलं एकही डोकं सुटू देऊ नका, गावाकडून कामाला आलेला भाऊसुद्धा. आणि वॉर्डावॉर्डाचे आकडे आत्तापासून वहीत उतरवायला बसा.