त्रिकोण आणि आजोबा

त्रिकोण, त्यात वर्तुळ, मधोमध उभी रेघ. 'हॅरी पॉटर अँड द डेथली हॅलोज' (२००७) या कादंबरीतील ह्या चिन्हात गूढ यंत्र शोधणाऱ्या आमच्या विद्वान मित्रांनी ती कादंबरी वाचली आहे काय? अदृश्य करणारा झगा, मृतांना बोलावणारा दगड, बलाढ्य छडी, एवढाच त्याचा आराखडा. लव्हगुडच्या गळ्यात ते पाहून क्रम संतापतो. ग्रिंडेलवाल्डने ते शाळेच्या भिंतीवर कोरले होते आणि क्रमच्या आजोबांना त्यानेच मारले होते. लव्हगुडला मात्र ते त्या तीन वस्तूंच्या शोधकांचे ओळखचिन्ह वाटते! अर्थ रेषांत नसून त्या मिरवणाऱ्यांच्या इतिहासात आहे. (स्वस्तिकाच्या बाबतीत युरोपात हेच घडले.) त्रिकोण दिसताच श्रीयंत्र आठवणाऱ्या समीक्षेला क्रमचे आजोबा तेवढे दिसत नाहीत.